पुरवणी मागण्या

‘पुरवणी’ हा मराठीतला एक अत्यंत सभ्य शब्द. शाळेत असताना तर तो मानाचा शब्द होता. परीक्षेच्या हॉलमध्ये सगळीकडे शांतता पसरलेली, पंखे कुरकुरताहेत, आणि अशा वेळी पहिल्या बाकावरून एक हात वर जाई आणि आवाज येई, “सर, पुरवणी!” उरलेल्या निम्म्या वर्गाला त्या एका शब्दानं घाम फुटे. पुरवणी मागणारा पोरगा पुढे इंजिनियर होणार, हे तिथंच ठरून जाई. आणि ती पुरवणी फुकट असे, बरं का! वर बांधायला दोरासुद्धा मिळे.

दुसरी पुरवणी रविवारच्या वर्तमानपत्राची. तीही फुकट. आधी वाचायची आणि मग तिच्यावर शेव-मुरमुरे घ्यायचे, असा तिचा दुहेरी उपयोग.

पैसे मागणारी पुरवणी आपल्याकडे एकच, ती म्हणजे विधिमंडळातल्या ‘पुरवणी मागण्या’. मार्च महिन्यात सरकार अर्थसंकल्प मांडतं. त्यात आकडे, बेरजा, वजाबाक्या, सगळं यथासांग असतं. पुढे पावसाळी अधिवेशन येतं, हिवाळ्यात नागपूरचं येतं, आणि सरकार डोकं खाजवत म्हणतं, “थोडं राहिलं होतं.” मी कॉमर्सचा पदवीधर. माझी अशी समजूत होती की आधी किंमत सांगायची, मग पैसे घ्यायचे आणि नंतर ‘थोडं राहिलं होतं’ म्हणायचं, हा अधिकार या पृथ्वीतलावर फक्त सरकारचा आहे. भाजीवाल्यानं तसं केलं तर त्याच्या टोपलीचं काय होईल, हे धुळ्याच्या पाच कंदिलापाशी कुणालाही विचारा.

पण नाही. हा अधिकार आता मोटारींच्या शर्यतीचे खेळ विकणाऱ्यांनीही घेतला आहे. आणि त्यांच्याकडे विरोधी पक्षही नाही.

ज्यांना या प्रकाराची ओळख नाही त्यांच्यासाठी सांगतो. टीव्हीला एक डबा जोडायचा, हातात एक बटणांचा खेकडा धरायचा, आणि पडद्यावरच्या गावातून रात्रीच्या वेळी गाडी पळवायची. मागे पोलीस, पुढे प्रतिस्पर्धी आणि बाजूला दिव्यांचे खांब. हा खेळ एकदा विकत घेतला, की काही महिन्यांनी कंपनी म्हणते, “याच खेळात आणखी दोन गाड्या, चार रस्ते, पाच शर्यती देतो. वेगळे पैसे टाका आणि तारेवरून उतरवून घ्या.” याला म्हणतात डीएलसी. म्हणजे डाउनलोड करण्याजोगा मजकूर. मी त्याला पुरवणीच म्हणणार. फुकट मिळणाऱ्या पुरवणीचा हा अपमान आहे, याची मला कल्पना आहे.

आमच्या पिढीनं हे खेळ अखंड पाहिले. ‘नीड फॉर स्पीड : मोस्ट वाँटेड’ हा खेळ नोव्हेंबर २००५ मध्ये निघाला. मी तेव्हा बँकेत नुकता चिकटलो होतो. जळगावला संध्याकाळी कॅश जुळली, की आम्ही तिघं-चौघं सायबर कॅफेत जाऊन बसत असू. खुर्ची एक, खेळणारा एक आणि सल्लागार तीन. “अरे भो, ब्रेक मार ना!” “ब्रेक काहून मारू? माल जिंकायचाय ना?” असं चाले. त्या खेळात पंधरा नामचीन गाडीवाल्यांची एक काळी यादी होती. पंधराव्या क्रमांकापासून सुरुवात करायची आणि एकेकाला हरवत पहिल्यापर्यंत जायचं. पंधरा म्हणजे पंधरा. दुसरा हरवल्यावर ‘आता पहिल्याचे वेगळे पैसे’ असं त्या यंत्रानं आम्हांला कधी म्हटलं नाही. खेळ घेतला की खेळ मिळे. भरीत घेतलं की वांगं मिळे, तितकं ते साधं होतं.

आता ताजी गोष्ट सांगतो. माझ्या धुळ्याच्या भाच्यानं खाऊचे पैसे साठवून तसला एक जुना डबा विकत घेतला, सेकंडहँड. सोबत रस्त्यावरच्या शर्यतींचा एक जुना खेळही आला. डब्याचं आणि खेळाचं नाव मी सांगणार नाही. खातेदाराचं नाव बाहेर काढायचं नाही, ही आमच्या धंद्याची सवय आहे. तर भाच्यानं मला फोन करून बोलावून घेतलं. “मामा, हाई काय शे? रस्ता दखाई राह्यना, पन गाडी जात नही!”

मी बघितलं. खरंच, पडद्यावर रस्ता होता. खांबांवर दिवे होते, पलीकडे दुकानं होती. पण त्या भागातली शर्यत निवडली की एक कुलूप दिसे आणि खाली पाटी, ‘हा मजकूर विकत घ्या.’ चौकशीअंती उलगडलं ते असं. पहिल्या मालकानं ती पुरवणी रीतसर पैसे मोजून घेतली होती. ती डब्याच्या पोटातल्या तबकडीवर अजून जशीच्या तशी होती. पण तिचा परवाना बांधलेला होता पहिल्या मालकाच्या खात्याशी आणि त्याच्या मूळ डब्याशी. मधे कुठंतरी दुरुस्तीत ती तबकडी या दुसऱ्या डब्यात बसली. झालं! पुरवणी घरात, पैसे दिलेले, आणि तरी कुलूप. नवऱ्यामुलाला बाशिंग बांधून मांडवात उभं करावं आणि म्हणावं, “लग्न लागलंय, पण ते दुसऱ्याशी.”

मी म्हटलं, असू दे, परत घेऊ. मामाचा धर्म आहे. खिशातून कार्ड काढलं. तर ते दुकानच उठलेलं! ती पुरवणी आता कुणीही विकत नाही. पैसे द्यायला माणूस तयार आहे आणि घ्यायला कुणी नाही, हे दृश्य मी वीस वर्षांच्या नोकरीत पहिल्यांदा पाहिलं. आमच्या काउंटरवर दुपारी चारनंतरही माणूस पैसे भरायला आला, तर आम्ही कपाळाला आठ्या घालतो, पण घेतो.

आता माझे एक सहकारी आहेत, कर्ज विभागातले. त्यांना मी हे सांगितलं, तर ते म्हणाले, “अहो, तुमचं वय काय, तुम्ही बोलताय काय! खेळण्यातली मोटार ती. जत्रेत भिंगरी मोडली म्हणून कुणी लेख लिहितं का?” हा लेख मी खरं म्हणजे त्यांच्यासाठीच लिहितोय. कारण त्यांच्याकडे तीन मुद्दे आहेत, आणि ते तिन्ही मुद्दे आज गावातली निम्मी शहाणी माणसं बोलतात.

पहिला मुद्दा असा : “जास्तीचं काम केलं तर जास्तीचे पैसे घेणारच की!”

कबूल. शंभर टक्के कबूल. मी व्यापारी जिल्ह्यातला माणूस आहे. कुणी फुकट राबावं असं मी म्हणत नाही. कादंबरीचा दुसरा भाग निघाला तर त्याचे वेगळे पैसे मोजावेत. पण दुसरा भाग वेगळा आणि पहिल्या भागाची फाडलेली शेवटची वीस पानं वेगळी. प्रश्न आहे तो हा की वर काय घातलं आणि आतून काय काढलं.

याचे नमुने जाहीर आहेत, म्हणून नावं घेऊन सांगतो. ‘बर्नआउट पॅराडाइज’ हा खेळ २००८ सालचा. त्याच्या कर्त्यांनी आधी बऱ्याच गोष्टी फुकट वाढवून दिल्या. सप्टेंबर २००८ मध्ये त्यात चक्क मोटरसायकली आणल्या, त्याही फुकट. मग जून २००९ मध्ये ‘बिग सर्फ आयलंड’ नावाचं एक आख्खं बेट केलं आणि त्याचे पैसे घेतले. इथं माझी तक्रार शून्य. आधी कढीपत्ता-कोथिंबीर तशीच टाकली पिशवीत, आणि मग म्हणाले, मावशी, आज मेथीही चांगली आलीय. अशा भाजीवाल्याकडे माणूस दुसऱ्या दिवशी परत जातो.

‘मिडनाइट क्लब : लॉस एंजेलिस’ हा ऑक्टोबर २००८ चा. मार्च २००९ मध्ये त्या गावाला ‘साउथ सेंट्रल’ हा नवा भाग जोडला. रस्ते फुकट दिले. पण त्या रस्त्यांवरच्या नव्या गाड्या, नव्या शर्यती, नवी गाणी यांचं पुडकं साधारण दहा डॉलरला. म्हणजे पाट मांडला फुकट, ताट वेगळं. तरीही एक वेळ चालेल म्हणतो. पण मग ऑक्टोबर २००९ मध्ये हे सगळं एकत्र बांधून तोच खेळ ‘संपूर्ण आवृत्ती’ म्हणून बाजारात आला! आता मी हिशेबाचा माणूस. वर्षानंतर जी आली ती संपूर्ण, तर पहिल्या दिवशी रांगेत उभं राहून पुरती किंमत मोजून ज्यांनी घेतली, ती कोणती? त्या वेष्टनावर ‘अपूर्ण आवृत्ती’ असं कुठंही छापलेलं नव्हतं. दिवाळीला आधी जाणारा जावई अर्ध्या ताटावर उठवायचा आणि उशिरा येणाऱ्याला कमी खर्चात पूर्ण पंगत, ही कुठली रीत?

आणि त्या काळी किंमतही धड पैशांत नसे. मायक्रोसॉफ्टचे ‘पॉइंट’ असत. ऐंशी पॉइंटांचा एक डॉलर. ते पॉइंट आधी गठ्ठ्यानं विकत घ्यायचे, आणि वस्तूच्या किमती अशा की गठ्ठ्यातले थोडे पॉइंट हमखास उरावेत. न विकलेल्या मालाचे आगाऊ पैसे बिनव्याजी वापरायला मिळणं, याला बँकेत ठेवी म्हणतात आणि त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा परवाना लागतो. २०१३ साली ते पॉइंट बंद झाले आणि किमती साध्या चलनात आल्या. मला वाटतं, कुणीतरी कॉमर्सवाला पोरगा तिथं लागला असावा.

या सगळ्याचा मूळपुरुष मात्र घोडा आहे. एप्रिल २००६ मध्ये ‘ऑब्लिव्हियन’ नावाच्या राजे-महाराजांच्या खेळात घोड्याचं चिलखत अडीच डॉलरला विकलं गेलं. जगभर लोक हसले. हसता हसता त्यांनी ते घेतलंही. ज्या दिवशी खोट्या घोड्याला खरं चिलखत विकलं गेलं, त्या दिवशी पुढचा सगळा बाजार ठरून गेला. २०१२ च्या ‘मोस्ट वाँटेड’ला तर कंपनीनं ‘टाइम सेव्हर पॅक’ काढला. म्हणजे काय, तर खेळून खेळून ज्या गोष्टी मिळायच्या त्या पैसे टाकून एकदम मिळवा, वेळ वाचवा. अहो, खेळ घेतला कशाला? वेळ घालवायला. आधी वेळ घालवायचे पैसे घेतले, मग तोच वेळ वाचवायचे पैसे घेतले! कोर्टात दोन्ही बाजूंचं वकीलपत्र घेणारा वकील आमच्या जिल्ह्यात अजून झालेला नाही.

पुरवणी कशी द्यावी हे खानदेशाला बाहेरून शिकायची गरज नाही. अमळनेरला १९४५ साली वनस्पती तुपाचा एक कारखाना निघाला. तोच पुढे कॉम्प्युटरकडे वळून विप्रो झाला. ज्यांनी त्याचे जुने शेअर कपाटात जपून ठेवले, त्यांना कंपनी वेळोवेळी बोनस शेअर देत गेली. न मागता, न विकता! मूळ मालकाचा हक्क वाढतो, त्याला बोनस म्हणतात. मूळ मालकाचा हक्क कापून त्यालाच परत विकतात, त्याला काय म्हणतात हे कॉमर्सच्या पुस्तकात नाही. पोलिसांच्या पुस्तकात असेल.

आता दुसरा मुद्दा : “तुम्ही अटी मान्य केल्या होत्या ना? मग?”

हा मुद्दा करणाऱ्या माणसाला मी नम्रपणे विचारतो, तुम्ही कधी त्या अटी वाचल्या? गृहकर्जाची कागदपत्रं मी स्वतः रोज सह्यांसाठी लोकांपुढे सरकवतो. पण त्यातसुद्धा घर तुमचं होणार आहे, एवढं तरी खरं असतं. इथं पडद्यावर मोठ्या अक्षरांत बटण असतं ‘विकत घ्या’, आणि बारीक अक्षरांत खाली असतं की तुम्ही काहीच विकत घेत नाही आहात, फक्त वापरायची परवानगी घेत आहात, आणि ती परवानगी आम्ही कधीही काढून घेऊ.

आपला १९३० चा वस्तुविक्री कायदा आहे. बी.कॉम.ला तो आम्ही घोकून पाठ केला. विक्री म्हणजे किंमत घेऊन वस्तूची मालकी विकत घेणाऱ्याकडे देणं. मालकी गेली नाही तर ती विक्री नाही. भाडं असेल, उसनवारी असेल, आणखी काही असेल. आणि गंमत बघा. २००४ साली आपल्या सर्वोच्च न्यायालयानं टाटा कन्सल्टन्सीच्या खटल्यात सांगितलं, की दुकानात तयार मिळणारं सॉफ्टवेअर हा ‘माल’च आहे आणि त्यावर विक्रीकर बसतो. म्हणजे कर घेताना तो माल. पैसे घेताना ती विक्री. आणि आमच्या भाच्यानं “माझा माल कुठं आहे?” विचारलं की तो एकाएकी परवाना! बहुरूपी आमच्याकडे गावोगाव येतात, पण तेसुद्धा एका दिवशी एकच सोंग आणतात.

कॅलिफोर्निया म्हणजे या कंपन्यांचं आजोळ. तिथल्या लोकांनाही हे पटेनासं झालं. तिथं १ जानेवारी २०२५ पासून कायदा लागू झाला, की डिजिटल माल विकताना ‘विकत घ्या’ हे शब्द तसेच वापरायचे नाहीत. वापरायचे तर हा नुसता परवाना आहे हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगायचं. आजोळीच ज्याचे कान उपटले गेले, त्याची वकिली धुळ्याच्या आग्रा रोडवर कुणी कशाला करावी?

तिसरा मुद्दा सगळ्यांत गोड आहे : “जुनं झालं हो ते. नवं घ्या.”

इथं माझं डोकं खरं फिरतं. ‘द क्रू’ नावाचा एक खेळ युबिसॉफ्टनं डिसेंबर २०१४ मध्ये काढला. अख्खी अमेरिका त्यात आटोपशीर करून बसवली होती. या किनाऱ्यावरून त्या किनाऱ्यापर्यंत गाडी हाका. त्याला २०१५ मध्ये ‘वाइल्ड रन’ आणि २०१६ मध्ये ‘कॉलिंग ऑल युनिट्स’ अशा दोन मोठ्या पुरवण्या आल्या. लोकांनी पैसे मोजून घेतल्या. हा खेळ एकट्यानं खेळायचा तरी कंपनीच्या सर्व्हरशी तार जोडलेली लागे. ३१ मार्च २०२४ ला कंपनीनं सर्व्हर बंद केला. खेळ गेला, पुरवण्या गेल्या, गाड्या गेल्या, अमेरिका गेली. ज्यांच्या कपाटात तबकडी आहे, त्यांच्याकडे आता चहाचा कप ठेवायला एक चकचकीत चकती आहे. तारीखही बघा, ३१ मार्च. आमच्याकडे त्या दिवशी रात्री उशिरापर्यंत बसून पैन् पैचा हिशेब लावतात. तिथं त्या दिवशी हिशेबच पुसला.

त्याच्या आधी २०२१ मध्ये ‘नीड फॉर स्पीड’च्या घराण्यातले पाच खेळ, ‘कार्बन’, ‘अंडरकव्हर’, ‘शिफ्ट’, ‘शिफ्ट २’ आणि ‘द रन’, ३१ मेपासून विक्रीतून काढले आणि ३१ ऑगस्टला त्यांच्या ऑनलाइन सोयी बंद केल्या. एकाच वर्षी घरातली पाच माणसं.

“जुनं झालं” म्हणणाऱ्यांनी जरा आमच्या काउंटरवर येऊन बसावं. दहा वर्षं कुणी हात न लावलेली ठेव आम्ही खाऊन टाकत नाही. ती रिझर्व्ह बँकेच्या २०१४ पासूनच्या एका निधीत जमा होते, आणि त्यानंतरही खातेदार किंवा त्याचा वारस आला, कागद दाखवले, तर ती व्याजाच्या नियमांसह परत द्यावी लागते. विसरलेल्या ठेवी शोधायला २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं ‘उद्गम’ नावाची सोयही काढली. कुणा एरंडोलच्या आजोबांचे तीनशे बारा रुपये असले, आजोबा जाऊन पंधरा वर्षं झाली असली, तरी ते तीनशे बारा रुपये त्यांचेच. “आजोबा, तुमचं खातं जुनं झालं, नवीन खातं उघडा” असं म्हणायची आमची छाती नाही. नातू बँकेत येऊन आमची छाती मोजेल. मग दहा डॉलरच्या पुरवणीला हा न्याय का नाही?

आणि जुन्याची किंमत धुळेकरांना तरी कुणी सांगू नये. इतिहासाचार्य राजवाडे गावोगावची माळवदं, अडगळी, फडताळं धुंडाळत हिंडले, जुने कागद गोळा केले, मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचे बावीस खंड काढले आणि १९२६ च्या ३१ डिसेंबरला धुळ्यातच त्यांनी देह ठेवला. त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ त्यांच्यामागे धुळ्यात उभं राहिलं. आता कल्पना करा, पेशवाईतली ती पत्रं जर परवान्यावर असती! राजवाडे कुणाच्या माळ्यावर चढले, रुमाल सोडला, आणि आत पाटी, ‘या पत्राचा सर्व्हर बंद झाला आहे. नवे पत्र विकत घ्या.’ पानिपतावर काय झालं ते आपल्याला कधीच कळलं नसतं. फक्त काहीतरी झालं होतं, आणि त्याची एक पुरवणी होती, एवढंच कळलं असतं.

माझे सहकारी म्हणतील, कुठं राजवाडे आणि कुठं मोटारींचा खेळ! मान्य आहे, अंतर आहे. पण आज वीस-बावीस वर्षांची जी पोरं आहेत, त्यांची दुपार त्या रस्त्यांवर गेली आहे. आमची गेली मेहरूण तलावाच्या काठी. आम्ही आजही तलावावर जातो आणि म्हणतो, इथं आम्ही बसायचो. त्यांनी कुठं जायचं? उद्या त्यांच्यातल्या कुणाला आपल्या पोराला दाखवावंसं वाटलं, की बघ, या वळणावर तुझ्या धुळ्याच्या काकाला मी हरवलं होतं, तर ते वळण कुणीतरी तारेच्या दुसऱ्या टोकाला बसून बंद करून टाकलेलं असेल. वळण जुनं झालं म्हणून नव्हे, तर ते चालू ठेवण्यात फायदा नाही म्हणून.

‘जमत नाही हो, तांत्रिक अडचण असते’ असंही सांगतात. तांत्रिक अडचण हा शब्द मी स्वतः दिवसातून पाच वेळा काउंटरवर वापरतो, त्यामुळे त्याचा अर्थ मला ठाऊक आहे. ‘द क्रू’ बंद झाल्यावर एप्रिल २०२४ मध्ये रॉस स्कॉट नावाच्या एका अमेरिकन गृहस्थानं ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही चळवळ सुरू केली. युरोपात तिच्या मागणीवर जुलै २०२५ मध्ये दहा लाखांच्या वर सह्या झाल्या. आणि मधल्या काळात, सप्टेंबर २०२४ मध्ये, त्याच युबिसॉफ्टनं जाहीर केलं, की ‘द क्रू २’ला आम्ही सर्व्हरशिवाय चालण्याची सोय देऊ. बघा! काल जे तांत्रिकदृष्ट्या अशक्य होतं, ते लोक ओरडल्यावर शक्य झालं. अडचण तंत्रात नव्हती, तर कानात होती.

एक गोष्ट स्पष्ट करतो. मी पुरवणीच्या विरुद्ध नाही. उलट एखाद्या कंपनीनं धुळे ते जळगाव, व्हाया पारोळा-एरंडोल, अशी रस्त्याची पुरवणी काढली, तर पहिलं गिऱ्हाईक मी. मागचा दिवा नसलेली उसाची ट्रॉली, रावेरहून निघालेला आणि दिल्लीला आजच पोचायचंय अशा आविर्भावात सुटलेला केळीचा ट्रक, मधोमध रवंथ करणारी म्हैस, आणि ‘काम चालू, रस्ता बंद’ची पाटी. लॉस एंजेलिसच्या पोरांनी तो रस्ता रात्री एकदा पार करून दाखवावा. शंभर वेळा पैसे देईन. फक्त दिलेल्या पैशांत तो रस्ता माझा व्हावा.

तेव्हा मीही माझ्या पुरवणी मागण्या सभागृहापुढे मांडतो. एक : बटणावर ‘विकत घ्या’ लिहायचं असेल तर विका. भाड्यानं द्यायचं असेल तर ‘भाड्यानं’ लिहा, मुदत लिहा, आम्ही मुदत वाचून ठरवू. दोन : पहिल्या दिवशीच सांगा, की अजून किती तुकडे यायचे आहेत आणि सगळ्यांची बेरीज किती. तीन : दुकान उठवताना कुलपांच्या किल्ल्या गिऱ्हाइकांना देऊन जा. सर्व्हरशिवाय खेळ चालेल अशी सोय करा, आणि मगच दिवे मालवा. चार : विकलेल्या वस्तूचा हक्क वस्तूबरोबर जावा. माझी जुनी स्कूटर मी भाच्याला दिली तर तिचा तिसरा गिअर मूळ मालकाच्या नावावर राहत नाही.

यातली एकही मागणी क्रांतिकारक नाही. आमच्याकडे थंडीत वावरात भरिताची पंगत बसते. काट्याकुट्यांवर वांगी भाजतात, पातीचा कांदा, मिरची, दाणे घालून बडगीत कुटतात, कळण्याची भाकरी वाढतात. ज्याची ऐपत असेल तो वर तेलाची धार धरतो, ठेचा वाढतो, आग्रह करतो. पंगत संपते, वेळ सगळ्यांचीच संपते, त्याबद्दल कुणाची तक्रार नसते. यजमान पत्रावळी उचलतो, चूल विझवतो आणि घरी जातो. पण जाताना तो पाहुण्यांच्या पोटातलं भरीत परत मागत नाही.